अमिनाचे चार प्रश्न आणि माझी तीन गावं

नंदुरबार,
रविवार, ता. ९ फेब्रुवारी १९३६

मोलगीच्या शाळेचे हेडमास्तर, असिस्टंट मास्तर आणि घंटा वाजवणारा शिपाई हे तिन्ही हुद्दे एकट्यानं सांभाळणारे माझे जुने बाकसोबती रेवजी गुरुजी यांस सलाउद्दीन शिंप्याचा सलाम पोचावा. तुळशीभाभींनाही सलाम. तुमचा गुडघा आता कसा आहे? मागच्या पत्रात तुम्ही लिहिलं होतं की चढताना दुखत नाही, उतरताना दुखतो. मग काही दिवस फक्त चढावं, असं माझं मत आहे. आमच्याकडे सर्व खुशाल. बायको बाळंतपणासाठी दोंडाईच्याला माहेरी आहे, तीही खुशाल आहे, आणि सासरे तिथे असल्यामुळे मी इथे खुशाल आहे. (शाळेत मी तुम्हाला अरे-तुरे करत होतो हे मला आठवतं. पण आता तुमच्या हातात छडी आणि माझ्या हातात नुसती टेप, म्हणून तुम्ही म्हणतो. लिहिण्याच्या भरात मध्येच ‘तू’ आलं तर ते खोडून वाचावं.)

गेले बारा दिवस मी दुकानात नव्हतो. तुम्हाला हे बाजारकऱ्यांकडून कळलंच असेल, आणि सलाउद्दीन पळून गेला, असंही कळलं असेल. मी पळून गेलो नव्हतो. माझ्या बहिणीनं मला पाठवलं होतं.

अमिना आता वीस वर्षांची झाली. ईद झाली आणि तिच्यासाठी एकाच आठवड्यात तीन ठिकाणांहून मागणी आली. नवापूरहून लाकडाच्या वखारीवाल्यांच्या मुलासाठी, शहाद्याहून बांगडीवाल्यांच्या मुलासाठी आणि तळोद्याहून सलीम नावाच्या कल्हईवाल्यासाठी. मी मोठ्या भावाला शोभेल असा चेहरा करून तिला विचारलं, यांतला कोणता मुलगा पाहून येऊ? ती तेव्हा कुणाच्या तरी कोटाचं अस्तर लावत होती. तोंडातली टाचणी न काढताच ती म्हणाली, “भाई, माणसं सगळीकडे सारखीच असतात, महिन्या-दोन महिन्यांत समजतात. गाव मात्र जन्मभर पायाखाली राहतं. मुलगे राहू द्या, गावं पाहून या.” (हे ती आमच्या घरच्या बोलीत म्हणाली. तुमच्यासाठी मी मराठी केलं. मराठीत ते जरा कमी उद्धट वाटतं.)

मग तिनं मला चार प्रश्न दिले. घरापासून पाणी किती पावलांवर आहे? बाईमाणूस बाजारात एकटी गेली तर दुकानदार तिच्याशी नीट बोलतो का? कुणी आजारी पडलं तर कोण धावून येतं? आणि शेजारी भांडतात ते मोठ्यानं की हळू? या शेवटच्या प्रश्नाचं मला नवल वाटलं. ती म्हणाली, मोठ्यानं भांडणारं गाव चांगलं, संध्याकाळपर्यंत मिटतं. हळू भांडणारी गावं नातवंडांपर्यंत भांडतात. हे तिला कुणी शिकवलं, देव जाणे. मुलींच्या शाळेत चार इयत्तांत एवढं शिकवत असतील तर आपण दोघे उगाच मुलांच्या शाळेत गेलो.

पहिल्यांदा नवापूरला गेलो, कारण तिकडे आगगाडी जाते आणि बसून जाता येतं. वखारीवाल्यांनी स्टेशनवर माणूस पाठवला होता. घर मोठं, अंगणात सागाच्या ओंडक्यांचे ढीग, त्यांचा वास असा की माणसाला आपणही पलंग व्हावं असं वाटेल. नाश्ता झाला. मी म्हटलं, आता कामाला लागावं. घरातली एक कळशी मागून घेतली आणि दारापासून रंगावली नदीपर्यंत पावलं मोजत निघालो. शंभरेक पावलं झाली आणि एका म्हातारीनं विचारलं, “भाई, सुं मापो छो?” (तिथली अर्धी भाषा गुजरातकडे तोंड करून उभी असते.) मी काय मोजतो आहे ते तिला सांगितलं, पाणी, आणि तेवढ्यात आकडा विसरलो. परत दारापाशी गेलो. दुसऱ्यांदा दोनशेच्या पुढे पोचलो तर एका दुकानदारानं हाक मारली. मी मान हलवली, त्यात पुन्हा आकडा गेला. दाढीवाला, शेरवानी घातलेला, डोक्यावर टोपी आणि काखेत कळशी असा माणूस एकाच रस्त्यानं तीनदा मोजत गेला तर लोक काय समजतील, याचा मी विचार केला नव्हता. लोक असं समजले की सरकार नवापूरला नळ आणणार आहे आणि मोजणीसाठी साहेब आला आहे.

पुढे जे झालं ते मी अदबीनं सांगतो. तिसऱ्या खेपेला माझ्या मागे पंचवीस-तीस माणसं होती. ती माझ्याबरोबर मोजत होती, आणि प्रत्येकाचा आकडा वेगळा होता. एक जण म्हणाला, साहेब, नळ वडाजवळ काढा. दुसरा म्हणाला, वडाजवळ त्याच्या मेव्हण्याचं घर आहे. एका बाईनं मला थांबवून हातात गुळाचा खडा ठेवला आणि नळासाठी आपल्या दारापुढची जागा दाखवली. मी म्हणत होतो की मी शिंपी आहे, पण ते ऐकून सगळे एकमेकांकडे पाहून हसत होते. मोठ्या माणसांचा साधेपणा असाच असतो, असं कुणीसं म्हणालंही. शेवटी गळ्यात झेंडूचा हार पडला. हार पडल्यावर माणूस खोटं बोलत नाही पण खरंही नेटानं बोलत नाही. मी म्हटलं, “बघू.” एवढा एकच शब्द मी बोललो, गुरुजी, आणि नवापुरात माझा जयजयकार झाला.

घरी आलो तर वखारीवाले स्वतः दारात हात जोडून उभे. म्हणाले, तुम्ही इतक्या मोठ्या हुद्द्यावर आहात हे आम्हाला मागणी घालताना ठाऊक नव्हतं. आता नळ आमच्या अंगणात आला म्हणजे अमिनाबेटीलाच सोय. मी त्यांना आत नेऊन सगळं समजावलं. ते ऐकत गेले आणि त्यांचा चेहरा उतरत गेला. दुपारच्या जेवणात कोंबडी होती असं मला आधी कळलं होतं. प्रत्यक्षात डाळ आली. संध्याकाळच्या गाडीनं मी निघालो. पाणी किती पावलांवर आहे ते मला अजून माहीत नाही. पण ज्या गावात माणूस शिंपी आहे हे कुणी पटवून घेत नाही, तिथं शिंप्याची बहीण कशी द्यावी?

शहाद्याला जायचं तर मोटारनं प्रकाशापर्यंत, तिथं तापी नावेनं ओलांडायची, आणि पलीकडे जी मोटार उभी असेल तिची मनधरणी करायची. वाटेत मी ठरवलं की इथं काहीही मोजायचं नाही. इथं तिसऱ्या प्रश्नापासून सुरुवात करायची: आजारी पडलं तर कोण येतं? आता हे कळायला कुणीतरी आजारी पाहिजे. बांगडीवाल्यांकडे सगळे ठणठणीत. त्यांची म्हातारी आईसुद्धा सुपारी दातानं फोडते. तेव्हा मीच आजारी पडायचं ठरवलं. चहा घेतला, ओट्यावर आडवा झालो, पोटावर हात ठेवला आणि बेताचं कण्हलो.

बेताचंच कण्हलो होतो, पण शहादा हे ऐकू येणारं गाव आहे. पहिल्यांदा शेजारची सोनीबाई आली. तिनं माझ्याकडे एक नजर टाकली आणि म्हणाली, “याले नजर लागेल शे.” मीठ-मिरच्या ओवाळून तिनं निखाऱ्यावर टाकल्या. मिरच्या आपल्या नंदुरबारच्याच असाव्यात, कारण सगळी गल्ली खोकत बाहेर आली. बाहेर आली ती आमच्या ओट्यावर आली. एका वैद्यांनी नाडी पाहिली, एका हकिमांनी जीभ पाहिली. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं नाही. वैद्य म्हणाले वात, हकीम म्हणाले गरमी. कुणी पोटावर हिंग लावला, कुणी त्याच्यावर गरम विटेचा शेक दिला. मी उठून बसलो आणि म्हणालो, मला बरं वाटतंय. तेव्हा सोनीबाई म्हणाली, “दिवा विझाना आगोदर असाच मोठा व्हस,” आणि दोघांनी मला परत आडवं केलं. मग बांगडीवाल्यांच्या आईनं, सुपारी फोडणाऱ्या, माझं नाक धरलं आणि पेलाभर एरंडेल पाजलं.

त्यानंतर दोन दिवस मी खरोखर आजारी होतो. त्या दोन दिवसांत माझ्या उशाशी माणूस नाही असं कधी झालं नाही. पेज वैद्यांच्या घरून येत होती, सरबत हकिमांकडून. तिसऱ्या दिवशी मी भिंत धरून उभा राहिलो आणि लगेच गल्लीत भांडण पेटलं, की माणूस कुणाच्या औषधानं उठला. इतकं मोठं भांडण की मला चौथ्या प्रश्नाचं उत्तर आपोआप मिळालं. सोनीबाईचा आवाज थेट मोटारस्टँडपर्यंत जात होता. संध्याकाळी पाहिलं तर वैद्य आणि हकीम एकाच ओट्यावर बसून हकिमांच्याच पानदानातलं पान खात होते.

आता तुम्ही म्हणाल, मग शहादा चांगलं गाव दिसतं. गुरुजी, ज्या गावात माणसाला निवांत आजारीसुद्धा पडता येत नाही, त्याला चांगलं कसं म्हणावं? शिवाय बांगडीवाल्यांचा मुलगा सगळा वेळ आपल्या आईच्या, म्हणजे त्या म्हातारीच्या सुनेच्या, मागे उभा होता. मी त्याला विचारलं, बेटा, तुला काय वाटतं? त्यानं आईकडे पाहिलं. आई म्हणाली, त्याला चांगलं वाटतं.

शहाद्याहून तळोद्याला एका बैलगाडीतून गेलो, गाडीत कडब्याच्या पेंढ्या होत्या आणि त्यांच्यावर मी. पोटात एरंडेलाची आठवण होती. समोर सातपुडा जवळ जवळ येत होता आणि त्याच्या मागे कुठेतरी तुम्ही मुलांना पाढे म्हणायला लावत असाल, असं मनात आलं. सलीमचं घर दोन खोल्यांचं. तो आणि त्याची आई सालेहाखाला, दोघंच. खालांनी माझ्या तोंडाकडे पाहिलं, काही विचारलं नाही, आणि मऊ खिचडी आणि ताक पुढे ठेवलं. विहीर दारासमोरच. न मोजता दिसली, एकवीस पावलं. (मोजली. पण मनात.)

दुसऱ्या दिवशी बाजार होता. माझा एकच प्रश्न उरला होता: दुकानदार बाईमाणसाशी कसे बोलतात. मी एका मिठाच्या दुकानासमोर झाडाखाली बसलो आणि पाहू लागलो. येणाऱ्या प्रत्येक बाईकडे पाहायचं, दुकानदाराकडे पाहायचं, आणि पेन्सिलीनं वहीत टिपायचं. सकाळभर बसलो. दुपारी वर पाहतो तो माझ्याभोवती आठ-दहा बाया कमरेवर हात ठेवून उभ्या. डोंगरातून चारोळी विकायला आलेली कमलीबाई त्यांच्यात पुढे. ती बाजाराला ऐकू जाईल अशी म्हणाली, “हाऊ माणूस सकायपासून बायासकडे देखी ऱ्हायना. याले इचारा, याना काय हरपनं?”

गुरुजी, मी तेव्हा खरं सांगायला हवं होतं. पण तोंडातून निघालं, “मी टिपणं काढतोय.” त्यांनी माझी वही घेतली. वहीत लिहिलं होतं: ‘हिरवं लुगडं, हसून बोलला. तांबडं लुगडं, दोनदा आली.’ पुढचं मी लिहीत नाही. चौकीवरचे जमादार आले, आणि त्यांच्यामागे सगळा बाजार. जमादारांनी विचारलं, तुम्हाला या गावात कोण ओळखतं? तेवढ्यात सलीम आला, हात कल्हईनं काळे, तसाच धावत. त्याला मला ओळखत नाही असं म्हणता आलं असतं. मी त्याचा अजून कुणी लागत नव्हतो आणि मला ओळखण्यात त्या क्षणी काही इज्जत नव्हती. चार प्रश्नांची गोष्ट मी त्याला आदल्या रात्रीच सांगितली होती. तो म्हणाला, “जमादारसाहेब, हाऊ मन्हा पाहुना शे. माणूस भला शे. याले काम सांगनारी यानापेक्षा हुशार शे, इतलंच.”

मग मी सगळं सांगितलं. अमिना, तीन गावं, चार प्रश्न. जमादार आधी मिशीत हसले, मग मिशीबाहेर. पण बाया हसल्या नाहीत. त्या फतकल मारून खाली बसल्या आणि आपणहून उत्तरं देऊ लागल्या. कमलीबाई म्हणाली, मागल्या वर्षी त्याच मिठाच्या दुकानदारानं एका बाईला बोल लावला होता, चारोळी चोरून आणली असशील म्हणून. तर डोंगरातल्या सगळ्या बायांनी चार बाजार त्याच्या दुकानाची पायरी चढायची नाही असं ठरवलं. पाचव्या बाजाराला तो रस्त्यात उभा राहून हात जोडत होता. आता तो शेळीशीसुद्धा नीट बोलतो. दुकानदार आतून ऐकत होता, त्यानं मान हलवली, म्हणाला खरं शे. मग दुसऱ्या एकीनं विचारलं, तुन्ही बहीण शिवस का? मी म्हटलं, शिवते. तर म्हणाली, इथं बायांच्या मापाचं शिवणारं कुणी नाही, पोलकं शिवायला नंदुरबार गाठावं लागतं, तिला लवकर पाठव. कमलीबाईनं जाताना मला ओंजळभर चारोळी दिली. वही मात्र परत दिली नाही.

त्या दिवशी निघणार होतो, पण राहिलो. तळोद्यात तसं पाहण्यासारखं काही नाही. सलीम भट्टीपुढे बसून भांड्यावर कापसाचा बोळा फिरवतो आणि काळं पातेलं एकदम चंद्रासारखं होतं, एवढंच. ते मी दोन दिवस पाहिलं. त्याला विचारलं, तुला अमिनाबद्दल काही विचारायचं आहे का? त्यानं हातातलं पातेलं खाली ठेवलं. मग म्हणाला, एकच विचारा, कल्हईच्या नवसागराचा वास हाताला राहतो, धुतला तरी जात नाही, तो त्यांना चालेल का? चौथ्या दिवशी सालेहाखालांनी भाकरी बांधून दिली आणि मी परत आलो.

तर गुरुजी, एवढी गावं पाहून माझं असं ठाम मत झालं आहे की राहायला नंदुरबारसारखं गाव नाही. इथं धूळ आहे खरी, पण ती ओळखीची आहे. विहिरीवर रांग असते, पण रांगेत सगळ्या बातम्या कळतात. आपल्या घरी काय शिजलं ते दुपारपर्यंत सगळ्या गल्लीला माहीत असतं, त्यामुळे चुकून चांगलं शिजलं तर माणसं भेटायला येतात. नवापूर लोभी, शहादा नाक खुपसणारं आणि तळोदं अगदीच डोंगराच्या पायाशी, वरून दगड पडायचा. असं मी अमिनाला सांगितलं. ती “बरं” म्हणाली आणि शिवत राहिली.

तुळशीभाभींना आणि शाळेतल्या सगळ्या मुलांना दुवा.

तुमचा बाकसोबती,
सलाउद्दीन

ता. क. एक गोष्ट लिहायची राहिली, आणि पत्र खरं म्हणजे त्यासाठीच आहे. तुम्ही नेहमी म्हणता की सलाउद्दीन, तुझ्या हाताला काय बेत आहे, कोट अंगावर ओतल्यासारखा बसतो. गुरुजी, अम्मी गेल्यापासून दुकानातला एकही कपडा मी बेतलेला नाही. बेतते अमिना, आतल्या खोलीत. मी फक्त गिऱ्हाइकासमोर टेप गळ्यात घालून उभा राहतो आणि खडू कानावर ठेवतो. ती गेली तर मामलेदारांच्या पाटलोणीचं काय होईल, याचा विचारही करवत नाही. तेव्हा तुम्ही अमिनाला आपणहून सुचल्यासारखं एक पत्र लिहा, की तुम्ही सगळीकडे फिरला आहात आणि मुलीनं राहावं असं गाव एक नंदुरबारच. ती माझं ऐकत नाही, तुमचं ऐकते.

दुसरा ता. क. तळोद्याबद्दल जरा जास्तच वाईट लिहा. पाणी बाधतं म्हणा. मला बाधलं नाही, पण तुम्ही शिक्षक आहात, तुमच्यावर विश्वास बसेल. सालेहाखालांचं नाव मात्र घेऊ नका, त्यांच्याबद्दल वाईट लिहिलेलं मला बरं वाटणार नाही. सलीमबद्दलही नको. कमलीबाईबद्दल तर नकोच, ती तुमच्याच डोंगरातली, उद्या शाळेत येऊन उभी राहील.

तिसरा ता. क. (हे अक्षर अमिनाचं आहे.) रेवजी गुरुजींना सलाम. पाकिटावर पत्ता लिहायला आणि खळ लावायला पत्र माझ्याकडे आलं. भाई हजामत करायला गेले आहेत. तुम्ही मला पत्र लिहिण्याची तसदी घेऊ नये. भाई तिन्ही गावांबद्दल काय म्हणतात ते मी ऐकलं, पण कुठं किती दिवस राहिले तेही मोजलं. नवापूरहून त्याच दिवशी निघाले. शहाद्यात एरंडेलामुळे अडकले. तळोद्यात चार दिवस राहिले, आणि तिथं त्यांना कुणी धरून ठेवलं नव्हतं. आवडलं नाही तर भाई कुठंच थांबत नाहीत, दोंडाईच्याला सासरी गेले तर जातात त्याच गाडीनं परत येतात. सालेहाखालांना आज भाईंच्या नावानं होकार लिहिला. सही मीच केली, दुकानाच्या कागदांवरही मीच करते. नवसागराचा वास चालतो, असंही लिहिलं आहे. दोन्ही पत्रं एकाच टपालानं जातील. भाईंना रात्री जेवण झाल्यावर सांगेन, उपाशीपोटी त्यांना काही सांगू नये. शिवणाचं मशीन अम्मीनं मला दिलेलं आहे, ते माझ्याबरोबर तळोद्याला येईल, आणि तळोदं तुमच्या वाटेवर आहे, तेव्हा तुळशीभाभींना घेऊन उतरत जा. निघेपर्यंत भाईंना बेतायला शिकवायचं ठरवलं आहे. कशासाठी ते सांगितलं नाही, पण पहिला धडा आज सकाळी दिला. दोन्ही बाह्या डाव्या हाताच्या निघाल्या. कापड तुम्ही सदऱ्यासाठी पाठवलेलं होतं.